खेकडा आणि बेडूक: शेजारी आहेत, सगे नाहीत

पावसाच्या पहिल्या चार सरी पडल्या की भाताच्या खाचरांत दोन प्राणी हटकून दिसू लागतात. रात्री बेडकांचे डराव डराव सुरू होते आणि सकाळी बांधाच्या कडेला खेकड्यांनी बिळांतून वर काढलेली ओली माती दिसते. दोघेही पाण्यात राहतात, दोघेही जमिनीवर येतात आणि ऊन तापले की दोघेही ओलाव्याचा आसरा शोधतात. त्यामुळे बेडूक जसा उभयचर तसाच खेकडाही उभयचर, अशी पुष्कळांची समजूत असते. शाळेत जाणारी मुले हा प्रश्न घरी विचारतात तेव्हा मोठ्या माणसांनाही नेमके उत्तर देता येत नाही.

उत्तर कठीण नाही. 'उभयचर' हे प्राणिशास्त्रात एका कुळाचे नाव आहे. राहण्याच्या जागेवरून ते कोणालाही लावता येत नाही. एका वाड्यात दोन बिऱ्हाडे राहतात म्हणून ती भाऊबंद ठरत नाहीत, तसेच हे आहे. कूळ ठरते ते शरीराच्या घडणीवरून. हे कूळ ओळखण्याचा उपयोग परीक्षेपुरताच आहे असेही समजू नये. शेतात कोणते औषध मारावे, कोणाला वाचवावे आणि ताटात काय वाढावे, या तिन्ही गोष्टींशी त्याचा संबंध आहे.

हाडे आत की बाहेर?

बेडकाच्या अंगात आपल्यासारखाच हाडांचा सांगाडा असतो. त्याला पाठीचा कणा आहे, कवटी आहे, चार पाय आहेत. म्हणजे मासा, साप, कोंबडी, गाय आणि माणूस यांच्याप्रमाणे तो पृष्ठवंशी प्राणी होय. त्याचे रक्त तांबडे असते, कारण त्यात लोह असलेले हिमोग्लोबिन असते.

खेकड्याच्या अंगात एकही हाड नाही. त्याचा सांगाडा म्हणजे त्याचे कवच. ते कायटिन नावाच्या द्रव्याचे बनलेले असते आणि चुन्यामुळे टणक होते. पाय दहा. त्यांतील पुढचे दोन म्हणजे डेंगे. पाय सांध्यासांध्यांचे असतात, म्हणून या मोठ्या कुळाला संधिपाद असे म्हणतात. त्याचे रक्त किंचित निळसर असते, कारण त्यात लोहाऐवजी तांबे असलेले द्रव्य प्राणवायू वाहून नेते.

कवच ताणले जात नाही, मग खेकडा वाढतो कसा? जुने कवच उकलून तो त्यातून बाहेर पडतो. त्या वेळी त्याचे अंग लोण्यासारखे मऊ असते. पाणी शोषून तो फुगतो आणि मग नवे मोठे कवच हळूहळू टणक होते. नवे कवच मोठे असले तरी आतले मांस मागाहून भरते. बाजारातून आणलेली चिंबोरी दिसायला मोठी पण आतून पाणचट निघते, त्यामागे पुष्कळदा हेच कारण असते. खेकड्याचा तुटलेला डेंगा पुढच्या कवचांबरोबर पुन्हा उगवतो. मोठ्या बेडकाचा तुटलेला पाय मात्र उगवत नाही.

कवच आहे म्हणून खेकडा कासवाचा किंवा गोगलगाईचा नातेवाईक होत नाही. कासवाची ढाल त्याच्या फासळ्यांशी व कण्याशी एकजीव झालेली असते, ती त्याला टाकता येत नाही. कासव हा सरपटणाऱ्यांच्या वर्गातला प्राणी. गोगलगाय, तिसऱ्या आणि कालवे हे मृदुकाय प्राणी. त्यांचा शिंपला कडेने वाढत जातो, म्हणून त्यांना तो बदलावा लागत नाही.

श्वास आणि पिल्ले

खेकडा आयुष्यभर कल्ल्यांनी श्वास घेतो. खेकडा साफ करताना पाठीवरचे कवच काढले की दोन्ही बाजूंना करड्या, पिसांसारख्या बोटांची रांग दिसते. आपल्या घरच्या बायका ती काढून टाकतात. तेच हे कल्ले. कवचाखाली थोडे पाणी राखून ते ओले ठेवले की खेकडा जमिनीवर बराच वेळ निभावून नेतो. त्याच्या तोंडाशी फेस येतो, तो या पाण्यात हवा मिसळल्यामुळे.

मोठा बेडूक फुप्फुसांनी आणि कातडीने श्वास घेतो. त्याची कातडी पातळ, ओलसर व उघडी असते. तो तोंडाने पाणी पीत नाही, कातडीतूनच शोषून घेतो. ही गोष्ट वाचकांनी ध्यानात ठेवावी, पुढे तिचे काम पडणार आहे. खाऱ्या पाण्यात अशा कातडीचा निभाव लागत नाही. त्यामुळे खऱ्या अर्थाने समुद्रात राहणारा उभयचर जगात नाही. आग्नेय आशियातील तिवरांच्या खाजणांत खारे पाणी सोसणारा एक बेडूक आहे, पण तो अपवाद होय. खेकडे मात्र समुद्रात, खाडीत, ओढ्यात आणि डोंगरावरच्या कातळातही आहेत.

बेडकाची अंडी पाण्यात असतात. त्यांतून शेपटीची, कल्ले असलेली पिल्ले निघतात. शाळेच्या पुस्तकात त्यांना भैकेर म्हणतात. पुढे पाय फुटतात, शेपटी जिरते आणि बेडूक तयार होतो. समुद्रातल्या खेकड्यांची पिल्लेही आईबापांहून अगदी निराळी दिसतात आणि पाण्यात तरंगत रूपे बदलतात. पण आपल्या शेताओढ्यांतील गोड्या पाण्याच्या खेकड्यांत हा टप्पाच नसतो. मादीच्या पोटाखालच्या रुंद पट्टीत अंडी राहतात आणि त्यांतून इवलेसे खेकडेच बाहेर पडतात. काही काळ ते आईच्या पोटाला बिलगून असतात. अशी एक मादी पकडली तर तिची सारी प्रजाच पकडल्यासारखे होते. नर ओळखणे सोपे आहे: त्याची पट्टी अरुंद व टोकदार असते.

मग खेकड्याचे सगे कोण?

झिंगे, कोळंबी आणि शेवंड हे त्याचे जवळचे भाऊबंद. थोडे दूरचे म्हणजे कीटक, कोळी, विंचू, गोम. कीटकाला सहा पाय, कोळ्याला व विंचवाला आठ, खेकड्याला दहा. पण सांध्यांचे पाय आणि बाहेरचे कवच सर्वांना आहे. स्वीडनचे शास्त्रज्ञ लिनियस यांनी १७५८ साली प्राण्यांची मांडणी केली तेव्हा खेकड्याला चक्क कीटकांत बसवले होते आणि बेडकाला उभयचरांत. पुढे खेकड्याचा वर्ग वेगळा झाला. आजच्या आनुवंशिक अभ्यासातून असे दिसते की, कीटक हे कवचधारी प्राण्यांच्याच एका शाखेतून निघालेले आहेत. म्हणजे भातावरचा टोळ हा खेकड्याला बेडकापेक्षा कितीतरी जवळचा.

उभयचरांच्या घराण्यात तीन शाखा आहेत. पहिली बेडूक आणि भेक यांची. दुसरी शेपटीवाल्या सॅलॅमँडरांची. ते आपल्याकडे नाहीत, दार्जिलिंगच्या बाजूस आढळतात. तिसरी देवगांडुळांची. सह्याद्रीत ओल्या मातीत सापडणारा हा बिनपायांचा प्राणी गांडूळ किंवा साप समजून मारला जातो. त्याला कणा आहे, जबडा आहे, विष मात्र नाही. गोव्यात सापडलेल्या एका जातीला २००७ साली गोव्याचेच नाव देण्यात आले. कुदळीला असा प्राणी लागला तर त्याला मातीत परत सोडावे.

शेतकऱ्याने काय ध्यानात घ्यावे?

खेकडा कोवळी रोपे कातरतो आणि बांधाला बिळे पाडतो. बिळातून खाचराचे पाणी निघून जाते. गोव्याच्या खाजन शेतीत तर बांधाच्या बिळातून खारे पाणी आत शिरले की पिकाचे नुकसान होते. म्हणून चिडून काही जण बिळात कीटकनाशक ओततात. येथेच कुळाचा विचार करावा. जे औषध किडीच्या मज्जासंस्थेवर घाव घालते ते तिच्या भाऊबंदांवरही घालते. क्लोरपायरीफॉस, सायपरमेथ्रिन यांसारखी औषधे पाण्यात अगदी थोडी उतरली तरी खेकडे व कोळंबी मरतात. किडीचे नवे कवच तयार होऊ न देणारी डायफ्लुबेन्झुरॉनसारखी औषधेही त्यांच्या कवचाला बाधक ठरतात. वरचे खाचर मारले की खालच्या ओढ्यातील झिंगेही जातात.

बेडकाचे मरण दुसऱ्या वाटेने येते. त्याची उघडी कातडी पाण्याबरोबर औषधही शोषून घेते. ग्लायफोसेटच्या काही तणनाशकांत पानावर पसरण्यासाठी साबणासारखे द्रव्य मिसळलेले असते, तेही बेडकाच्या पिल्लांना मारक आहे. आणि बेडूक तर आपला बिनपगारी राखणदार. तो रात्रभर किडे टिपतो. औषधाने कीड व बेडूक दोन्ही मेले, तर पुढची कीड आली की तिला खाणारा कोणी उरत नाही.

बिळे बुजवण्यासाठी लागवडीपूर्वी बांध चोपावा आणि बिळात चिकणमाती व खडे घट्ट ठासावेत. खेकडे हाताने किंवा सापळ्याने धरावेत. फोरेट हे जहाल औषध पूर्वी सर्रास वापरले जाई. ३१ डिसेंबर २०२० पासून भारतात त्यावर बंदी आहे. घरात जुना डबा पडून असेल तर तो वापरू नये.

फवारणीनंतर खेकडे बिळाबाहेर येऊन सुस्त पडतात आणि मुलांच्या सहज हाती लागतात. असा आयता मिळालेला खेकडा किंवा मासा कधीही खाऊ नये. शिजवल्याने विष जाईल असा भरवसा धरू नये. खाल्ल्यावर घाम, लाळ, उलट्या, स्नायू फडफडणे अशी चिन्हे दिसली तर घरगुती उपायांत वेळ न दवडता रुग्णाला ताबडतोब दवाखान्यात न्यावे. औषधाचे नाव ठाऊक असल्यास डॉक्टरांना सांगावे.

स्वयंपाकघरात काय ध्यानात घ्यावे?

खेकडा खाल्ल्यावर ज्याच्या अंगावर पित्त उठते, ओठ सुजतात किंवा दम लागतो, त्याला पुष्कळदा कोळंबीचेही वावडे निघते, कारण दोघांच्या स्नायूंतील एक प्रथिन जवळजवळ सारखे आहे. ते झुरळात आणि घरातल्या धुळीच्या किड्यांतही असते. शिजवल्याने ते नाहीसे होत नाही. मासा मात्र पृष्ठवंशी. त्याचे वावडे निराळे. खेकडा सोसत नाही म्हणून बांगडाही सोसणार नाही असे नाही आणि बांगडा सोसतो म्हणून कोळंबी सोसेल असेही नाही. ज्याला एकदा दम लागला आहे त्याने थोडे चाखून पाहू असा प्रयोग घरी करू नये.

गोड्या पाण्याच्या काही खेकड्यांत फुप्फुसात घर करणाऱ्या एका कृमीची पिल्ले असतात. मणिपूर, नागालँड, अरुणाचल या भागांत कच्चे किंवा अर्धवट भाजलेले खेकडे खाल्ल्याने हा रोग झालेला आढळतो. खोकला आणि थुंकीतून रक्त येते, म्हणून तो क्षयरोग समजला जातो आणि भलतेच उपचार होतात. यासाठी खेकडा पूर्ण शिजवावा. कवच तांबडे होणे ही पुरेशी खूण नाही; आतले मांस पांढरे व घट्ट झाले पाहिजे. खेकड्याचे गरम सार जरूर प्यावे, पण कच्चा रस कोणत्याही दुखण्यावर देऊ नये. कच्चा खेकडा चिरलेला विळा आणि हात साबणाने धुवावेत. खेकडा जिवंतच घ्यावा. मेलेला लवकर नासतो. सांडपाणी किंवा कारखान्याचे पाणी येणाऱ्या ओढ्यातील खेकडे टाळावेत, विशेषतः कवचातला पिवळट गर, कारण अपायकारक धातू तेथे साठतात.

आणि बेडूक? पावसाळ्यात गोव्यात 'जंपिंग चिकन' म्हणून मोठे बेडूक खाण्याची चाल होती, ती पूर्ण गेलेली नाही. या बेडकांना १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याचे संरक्षण आहे आणि त्यांना धरणे, विकणे हा गुन्हा ठरतो. तंगड्यांची निर्यात भारताने १९८७ साली बंद केली. ज्या पहिल्या सरींत बेडूक ओरडतात तोच त्यांच्या विणीचा काळ. त्या रात्री पोतेभर बेडूक नेले म्हणजे पुढच्या हंगामाचे राखणदार नेले.

थोडक्यात, घरातल्या मुलाने विचारले तर असे सांगावे: बेडकाचे हाड आत, खेकड्याचे बाहेर, बेडूक आपल्या बाजूचा, खेकडा टोळाच्या बाजूचा. मग त्याला बांधावर घेऊन जावे आणि दोन्ही दाखवावेत. एकाला धरू नये. दुसऱ्याला धरायचेच तर पोटाखालची पट्टी पाहावी आणि पिल्लांची आई निघाली तर तिला पाण्यात सोडावे.