कप्तानपद सोडलेला खेळाडू

मुलांनो, प्रथम श्रेणीचं क्रिकेट खेळलेले ब्रिटनचे एकमेव पंतप्रधान कोण, ठाऊक आहे? स्कॉटिश घराण्यातले अ‍ॅलेक डग्लस-ह्यूम! १९४० साली मणक्याच्या क्षयानं त्यांना गाठलं. सुमारे दोन वर्षं ते अंथरुणाला खिळून होते, पण पुन्हा उभे राहिले. १९६३ साली हुजूर पक्षाचे हे लॉर्ड पंतप्रधान झाले. पण लॉर्डला लोकांनी निवडलेल्या कॉमन्स सभागृहात बसता येत नसे. मग त्यांनी वडिलोपार्जित 'अर्ल' पदवीच सोडली आणि स्कॉटलंडमधून पोटनिवडणूक जिंकली. वर्षभरातच, १९६४ मध्ये, सत्ता गेली. पुढच्या वर्षी पक्षाचं नेतेपदही त्यांनी सोडलं. पण रुसून बसले नाहीत, बरं का! १९७० मध्ये नवे नेते एडवर्ड हीथ यांच्या हाताखाली ते परराष्ट्रमंत्री झाले. कप्तानपद गेलं तरी संघासाठी मन लावून खेळायचं. जमेल ना तुम्हाला?