कोंबडीची कढविलेली चरबी व शनवार तेली

जुन्या कागदांत ‘तेल’, ‘तूप’, ‘चरबी’ हे शब्द आले म्हणजे संशोधक ते किरकोळ समजून पुढें जातो. यहुदी लोकांच्या स्वयंपाकांत मात्र या तीन शब्दांमागें धर्मशास्त्र, हवामान व धंदा यांचा इतिहास आहे. त्याचा खुलासा येथें थोडक्यांत करितों.

लेवीय ग्रंथांत (७:२३) बैल, मेंढा व बकरा यांची चरबी खाण्याचा निषेध आहे. पक्ष्यांस हा निषेध लागू नाहीं. डुकराची चरबी तर सर्वथा वर्ज्य. मांस व दूध एकत्र करावयाचें नाहीं हा दुसरा नियम. त्यामुळें मांसान्नास लोणी-तूपही चालत नाहीं. अर्थात् तेल किंवा पक्ष्याची चरबी एवढेंच उरलें. मध्य व पूर्व युरोपच्या थंड मुलखांत ऑलिव्ह पिकत नाहीं. म्हणून तेथील अश्केनाझी यहुद्यांनीं प्रथम मुख्यतः पाळीव हंसाची व पुढें कोंबडीची चरबी वापरली. यिद्दिश भाषेंत तीस ‘श्माल्त्स’ म्हणतात.

तिची कृति आपल्याकडील लोणी कढविण्यासारखीच आहे. विधिपूर्वक कापलेल्या, मिठानें रक्त काढलेल्या कोंबडीची पिवळी चरबी व कातडी बारीक चिरून जाड बुडाच्या पातेल्यांत घालावी व थोडें पाणी घालून मंद आंचेवर ठेवावी. पाण्यामुळें ती आरंभीं करपत नाहीं. पाणी आटत आलें कीं चिरलेला कांदा टाकावा. तडतड थांबली, कातडीचे तुकडे तांबूस झाले व चरबी निवळ सोनेरी दिसली म्हणजे उतरून गाळावी. कांदा काळा पडल्यास सर्व कडवट होतें. तुपाची बेरी राहते तसे जे कुरकुरीत तुकडे राहतात, त्यांस ‘ग्रिबेनेस’ म्हणतात. ही चरबी मांसवर्गांत मोडते. तींत केलेला पदार्थ दुधाबरोबर खात नाहींत. युरोपांत हिवाळ्यांतील हनुक्काच्या सुमारास कढविलेली हंसाची चरबी वसंतांतील वल्हांडणापर्यंत पुरवीत. वाशीमच्या उन्हाळ्यांत ती थिजणारही नाहीं. शीतकपाटांतच ठेवावी लागेल.

आतां महाराष्ट्राकडे वळूं. कुलाबा, म्हणजे आजचा रायगड जिल्हा, येथील मराठी बोलणारे बेने इस्रायल हेही हेच नियम पाळणारे; परंतु त्यांच्या घरांत मांस शिजे तें तेलांत व नारळाच्या दुधांत. नारळाचें दूध हें दूधच नव्हे, त्यामुळें नियमभंग होत नाहीं. शिवाय तेल गाळणें हाच त्यांच्यांतील अनेकांचा धंदा होता. शब्बाथास, म्हणजे शनिवारीं, त्यांचा घाणा बंद असे. म्हणून गांवकरी त्यांस ‘शनवार तेली’ म्हणत. सोमवारीं घाणा बंद ठेवणारे हिंदू तेली ते ‘सोमवार तेली’. ज्या वऱ्हाडांत जवस, करडई व तीळ यांचें तेल परंपरेचें आहे, तेथील आम्हां वाशीमकरांस हें समजणें कठीण नाहीं: दाराशीं घाणा असतां कोंबडीची चरबी कोण कढवीत बसेल? शास्त्र एकच, पण थंड देशानें त्याचें उत्तर चरबींत शोधिलें आणि कोंकणानें तेलांत.

यावरून संग्राहकांस एक विनंती. हाईम सामुएल किहीमकर यांनीं इ. स. १८९७ मध्यें लिहिलेला बेने इस्रायलांचा इतिहास छापून निघण्यास इ. स. १९३७ उजाडलें. एवढ्या ग्रंथाची ही गत, तर घरगुती वह्यांची काय कथा? इ. स. १९४८ नंतर बहुतेक कुटुंबें इस्रायलास गेलीं. मागें राहिलेल्या पाककृतींच्या व खर्चाच्या वह्या रद्दींत घालूं नयेत. त्यांची नोंद करितांना ‘तेल’, ‘तूप’ वा ‘चरबी’ कोणत्या अन्नापुढें लिहिली आहे, व चरबी असल्यास कोणत्या प्राण्याची, हें अवश्य टिपावें. शब्द एकच असला तरी बकऱ्याची चरबी निषिद्ध आणि कोंबडीची ग्राह्य, हा भेद त्या एका टिपणानेंच राखला जाईल.