गंगाधरपंतांना डॉक्टरकडे का नेले नाही?

जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेतले इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे ट्रकच्या धडकेनंतर दोन दिवस बेपत्ता होतात. ते दोन दिवस त्यांनी अशा हिंदुस्थानात काढलेले असतात, जिथे 14 जानेवारी 1761 रोजी विश्वासरावांना लागायची गोळी तीळभराने हुकली आणि मराठे पानिपत जिंकले. परत आल्यावर ते हा प्रकार सांगतात तो राजेंद्र देशपांडे या विज्ञानाच्या माणसाला. हे बोलणे घरी झाले असते, तर बायकोने किंवा मुलाने आधी एखाद्या मानसोपचारतज्ज्ञाची वेळ घेतली असती. कथेत तसे होत नाही. हे मनाचे खेळ असतील ही शंका पंत स्वतःच बोलून दाखवतात आणि लगेच खिशातून त्या दुसऱ्या हिंदुस्थानातल्या बखरीचे फाटलेले पान काढून ती मोडीत काढतात. पुण्याच्या प्राध्यापकाला शोभेल असाच हा बचाव: अस्सल साधन, तेही लेखी!

गेल्या पन्नास वर्षांत मराठीत काळाचा सांधा निखळलेली माणसे कशी लिहिली गेली, हे पाहताना मला हे पान फार महत्त्वाचे वाटते. सुरुवात 1974 ची. मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत ‘कृष्णविवर’ नावाची कथा पहिली आली. लेखकाचे नाव होते नारायण विनायक जगताप. आद्याक्षरे उलटी वाचली की जयंत विष्णू नारळीकर. अक्षर ओळखले जाऊ नये म्हणून कथा पत्नी मंगलाताईंच्या हस्ताक्षरात पाठवलेली. प्रचंड गुरुत्वाकर्षणाजवळ घड्याळ मंदावते, तिथून परतणाऱ्याचे वय आणि घरच्यांचे वय जुळत नाही, हे भौतिकशास्त्र त्या कथेच्या मुळाशी आहे. पुढच्याच वर्षी कऱ्हाडच्या साहित्य संमेलनात अध्यक्ष दुर्गाबाई भागवतांनी या नव्या लेखनाची दखल घेतली. 1988 मध्ये आयुका ही खगोलशास्त्राची संस्था उभी राहिली, नारळीकर पुण्याचे झाले, आणि काळाची गंमत सांगणारा माणूस गणेशखिंडीत राहतो ही आपल्या शहराची ओळखच झाली. गंगाधरपंत तर इंग्रजीतून अकरावीच्या एनसीईआरटीच्या पुस्तकात जाऊन बसले.

पण या परंपरेत काळ बिघडतो तो बाहेर. माणूस शहाणाच राहतो, विश्व चळते. लेखक बहुतेक भौतिकशास्त्राचे नाहीतर अभियांत्रिकीचे, त्यामुळे ते स्वाभाविकही होते.

उलटी बाजू याच शहराने पडद्यावर मांडली. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांचा ‘देवराई’ 2004 चा. त्यात अतुल कुलकर्णींच्या शेषला स्किझोफ्रेनिया आहे, लहानपणीची देवराई आणि समोरची खोली त्याच्यापुरती एकमेकांत मिसळतात. मग आला ‘अस्तु’. संस्कृतचे निवृत्त पंडित चक्रपाणी शास्त्री अल्झायमरने ग्रासलेले. मुलगी त्यांना गाडीत ठेवून थोड्या वेळासाठी उतरते, तेवढ्यात हत्ती दिसतो आणि ते त्याच्या मागोमाग निघून जातात. माहुताची बायको चन्नम्मा त्यांना लेकरासारखे सांभाळते. ही भूमिका करणाऱ्या अमृता सुभाष यांना आणि संवादांसाठी भावे यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. शास्त्री झालेत मोहन आगाशे. रंगभूमीवर ‘घाशीराम कोतवाल’मधला नाना रंगवणारे आगाशे पेशाने मानसोपचारतज्ज्ञ, बी. जे. मेडिकलमध्ये शिकवलेले, ससूनमध्ये रुग्ण पाहिलेले. त्यामुळे शास्त्रींच्या नजरेत रडवण्याचा खटाटोप दिसत नाही. रुग्णाला तपासताना काळ, स्थळ आणि व्यक्ती यांचे भान विचारतात. आज वार कोणता, महिना कोणता? स्मृतिभ्रंशात बहुधा काळाचे भान आधी सुटते, माणसे ओळखणे त्यानंतर जाते. ताज्या आठवणी मुरत नाहीत, जुन्या टिकतात, म्हणून सत्तरीचा माणूस पार बालपणात जाऊन राहतो. शास्त्रीही गंगाधरपंतांसारखेच दुसऱ्या काळात गेलेले आहेत. फरक इतकाच, की त्यांच्या खिशात फाटलेले पान नाही.

आजार नसतानाही घड्याळ किती सहज चुकते, याचा दाखला 1962 चा आहे. मिशेल सिफ्र हा फ्रेंच भूगर्भशास्त्रज्ञ दोन महिने घड्याळाशिवाय आल्प्समधल्या गुहेत राहिला. बाहेर काढले तेव्हा तारीख होती 14 सप्टेंबर, त्याच्या हिशेबाने 20 ऑगस्ट. जवळजवळ साडेतीन आठवडे हरवले आणि त्याला पत्ताही नाही. हिंजवडीत अमेरिकेच्या वेळेवर काम करून सकाळी पडदे ओढून झोपणाऱ्या पोरांना हे वेगळे समजावून सांगायला नको.

आता या दोन बाजूंच्या मधली जागा पाहा. काळाच्या बिघाडाने जडणारा एखादा काल्पनिक मनोविकार, त्याला नाव, लक्षणे, उपचार, आणि ज्याला तो झालाय त्याच्या आतून सांगितलेली गोष्ट, ही माझ्या वाचनात मराठीत आलेली नाही. विज्ञानकथेने मन डॉक्टरांवर सोडले, आणि चित्रपटाने खऱ्या आजाराचे बोट सोडले नाही. चित्रपटकारांचे मी समजू शकतो. लोकांना आजार समजावा हाच त्यांचा हेतू होता. विज्ञानकथेला मात्र सूट देता येणार नाही. फाटलेले पान दाखवून गंगाधरपंतांना शहाणे ठरवणे ही सोपी वाट होती. पान खिशात सापडलेच नसते आणि पंत तरीही ठाम राहिले असते, तर राजेंद्रला काय म्हणावे लागले असते? तिथून पुढची कथा जास्त अवघड आणि जास्त पुणेरी झाली असती.

सुमित्रा भावे एप्रिल 2021 मध्ये गेल्या, नारळीकर 20 मे 2025 रोजी. दिवाळी अंकांच्या संपादकांना एवढेच सांगणे आहे: यंदा विज्ञानकथा मागवताना एक पत्र नेहमीच्या लेखकाला जाऊ द्या आणि दुसरे ससूनमधल्या एखाद्या मानसोपचारतज्ज्ञाला.