झोपेची थकबाकी आणि रात्रीचा महामार्ग

बुलढाणा जिल्ह्याचे घाटावरचा आणि घाटाखालचा असे दोन भाग लोकव्यवहारात मानले जातात, आणि दोन्ही भागांतून लांब पल्ल्याची रात्रीची वाहतूक अखंड चालू असते. घाटाखाली खामगाव, नांदुरा, मलकापूर या मार्गाने राष्ट्रीय महामार्ग क्रमांक 53, म्हणजे पूर्वीचा क्रमांक 6, जातो. घाटावर मेहकर आणि सिंदखेडराजा तालुक्यांतून नागपूर-मुंबई समृद्धी महामार्ग जातो, ज्याचा नागपूर ते शिर्डी हा 520 किलोमीटरचा पहिला टप्पा 11 डिसेंबर 2022 रोजी खुला झाला. थकवा ही सर्वसाधारणपणे ज्याची त्याची खासगी बाब समजली जाते; मात्र या दोन रस्त्यांवर तिला सार्वजनिक रूप येते, कारण थकलेल्या एका माणसाच्या हाती इतर तीस-चाळीस झोपलेल्या माणसांचे प्राण असतात.

1 जुलै 2023 च्या मध्यरात्रीनंतर, दीडच्या सुमारास, सिंदखेडराजा तालुक्यातील पिंपळखुटा शिवारात नागपूरहून पुण्याकडे निघालेली एक खासगी प्रवासी बस समृद्धी महामार्गावर उलटून पेटली आणि 25 प्रवासी दगावले. टायर फुटल्याचे चालकाने सांगितले, परिवहन खात्याच्या तपासणीत त्याला दुजोरा मिळाला नाही, चालकाला डुलकी लागली असावी असा तर्क पुढे आला आणि नंतर मद्यप्राशनाचेही वृत्त प्रसिद्ध झाले. त्यामुळे या एका घटनेचे सारे खापर थकव्यावर फोडणे न्यायाचे होणार नाही. तरीही या दुर्घटनेने झोप आणि रस्ता यांच्या संबंधाचा प्रश्न महाराष्ट्रापुढे जितक्या ठसठशीतपणे मांडला, तितका त्यापूर्वी क्वचितच मांडला गेला असेल.

थकवा हा एकजिनसी नसतो, हे प्रथम लक्षात घ्यावे लागते. दिवसभर सोयाबीनची कापणी करून येणारा शीण मुख्यतः स्नायूंचा असतो आणि अंग टाकून पडल्याने, पोटभर जेवल्याने तो बराचसा ओसरतो. इटलीतील शरीरशास्त्रज्ञ अँजेलो मोस्सो यांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस बोटाने वजन उचलायला लावून स्नायूंची ही दमणूक आलेखावर नोंदवणारे यंत्र तयार केले होते. चालकाचा थकवा याहून वेगळा असतो, कारण त्याचे शरीर बसलेले असते आणि दमते ते लक्ष. दुसऱ्या महायुद्धात रडारच्या पडद्यावर नजर ठेवणारे सैनिक काही वेळाने समोर आलेल्या खुणाही का टिपत नाहीत, याचा शोध घेताना नॉर्मन मॅकवर्थ या ब्रिटिश मानसशास्त्रज्ञाला असे आढळले की, एकसुरी देखरेखीच्या कामात माणसाची सावधता पहिल्या अर्ध्या तासातच घसरू लागते. वळणे नाहीत, चौक नाहीत, आडवी येणारी जनावरे नाहीत, अशा सरळ आणि रुंद रस्त्यावर हेच घडते; उघड्या डोळ्यांनी गाडी चालत राहते, पण मन तिथे नसते आणि या अवस्थेला ‘महामार्ग संमोहन’ असे नाव रूढ झाले आहे. रस्ता जितका निर्वेध, तितका तो डोळ्यावर झापड आणणारा, हा विरोधाभास रस्ते बांधणाऱ्यांनी सुरुवातीलाच हिशेबात धरायला हवा होता.

या एकसुरीपणात झोपेची भर पडली की धोका अनेक पटींनी वाढतो. माणूस जागा असताना त्याच्या मेंदूत अ‍ॅडेनोसिन नावाचे द्रव्य साचत जाते आणि त्याबरोबर झोपेचा दाब वाढतो. याशिवाय दिवस-रात्रीच्या चक्राशी बांधलेले शरीराचे एक आतले घड्याळ असते, जे पहाटे दोन ते पाचच्या दरम्यान जागेपणाचा जोर सर्वांत खाली आणते. साचलेला दाब आणि घड्याळाची उतरती वेळ या दोन गोष्टी एकत्र आल्या की मेंदू मालकाला न विचारता क्षणभर बंद होतो. काही सेकंदांच्या या झोपेला सूक्ष्मनिद्रा म्हणतात. ताशी 120 किलोमीटर वेगाने जाणारी गाडी एका सेकंदात सुमारे 33 मीटर पुढे जाते, म्हणजे तीन सेकंदांच्या सूक्ष्मनिद्रेत शंभर मीटर रस्ता कोणाच्याही ताब्यात नसतो. ढाब्यावरचा कडक चहा अ‍ॅडेनोसिनचा परिणाम काही काळ अडवून धरतो, साचलेले द्रव्य मात्र काढून टाकत नाही; काच खाली करून वारा घेणे किंवा गाणी मोठ्याने लावणे याचा उपयोग तर त्याहूनही अल्पकाळ टिकतो. चहा किंवा कॉफी घेऊन लगेच पंधरा-वीस मिनिटे गाडी बाजूला लावून झोपणे, हा त्यातल्या त्यात खरा उतारा आहे. परंतु तो रात्रीच्या झोपेची जागा घेऊ शकत नाही, ती थकबाकी झोपूनच फेडावी लागते.

1997 मध्ये ड्रू डॉसन आणि कॅथरिन रीड या संशोधकांनी दाखवून दिले की, सलग सतरा तास जागलेल्या माणसाच्या हालचाली रक्तात 0.05 टक्के मद्यांश असलेल्या माणसाइतक्या मंदावतात. भारतात वाहनचालकासाठी मद्यांशाची कायदेशीर मर्यादा 0.03 टक्के आहे. याचा अर्थ असा की, पहाटे पाचला उठून दिवसभर गाडीची कामे करणारा आणि रात्री दहानंतर स्टिअरिंग हाती घेणारा चालक, थेंबभरही न पिता, कार्यक्षमतेच्या दृष्टीने त्या मर्यादेपलीकडे गेलेला असू शकतो. त्याला फुंकर मारायला लावून पकडणारे कोणतेही यंत्र नाक्यावरच्या पोलिसाकडे नाही.

याहून अडचणीची बाब अशी की, थकलेल्याला स्वतःच्या थकव्याचा नीट अंदाज येत नाही. 2003 मध्ये प्रसिद्ध झालेल्या अमेरिकेतील एका प्रयोगात निरोगी माणसांना दोन आठवडे रोज सहा तास किंवा त्याहून कमीच झोपू देण्यात आले, तेव्हा त्यांच्या चुका पूर्ण जागरण केलेल्या माणसांच्या पातळीला जाऊन पोचल्या. त्यांना विचारले असता मात्र आपल्याला थोडीशीच झोप येत असल्याचे ते सांगत राहिले. ‘मला सवय आहे’ हे वाक्य म्हणूनच सर्वांत कमी विश्वासाचे ठरते. विश्रांतीचा निर्णय दमलेल्या माणसावर सोडून देणे, म्हणजे विश्रांती न देणेच होय.

पूर्वीच्या शेतीव्यवस्थेला हे तत्त्व पुरते ठाऊक होते. पहाटे जुंपलेले औत ऊन चढले की सोडले जाई, कारण रवंथ करायला आणि मान मोकळी व्हायला बैलाला काही तास लागतात, हे कुणब्याला माहीत असे; ‘दमलास का’ असे बैलाला विचारून काही औत सुटत नसे. वर्षभर जू वाहणाऱ्या त्या खांद्याची दखल घेणारा खांदशेकणीचा विधीही याच जाणिवेतून आला, ज्यात पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी बैलाचा खांदा कोमट पाण्याने शेकून त्यावर हळद आणि तूप किंवा लोणी चोळले जाते. घाटावर आणि घाटाखाली, दोन्हीकडे हा विधी आजही पाळला जातो. मालकाने ठरवून दिलेला विसावा हाच खरा विसावा, ही समज बैलापुरती तरी इथे पक्की होती.

माणसासाठी ती समज कायद्यात उतरली. मुंबईच्या गिरणी कामगारांना साप्ताहिक सुटी मिळवून देण्यासाठी नारायण मेघाजी लोखंडे यांनी चालवलेल्या लढ्याला 1890 मध्ये यश आले. पुढे 1961 च्या मोटार परिवहन कामगार कायद्याने चालकासाठी दिवसाला आठ आणि आठवड्याला 48 तासांची मर्यादा घातली, सलग पाच तासांनंतर किमान अर्ध्या तासाची विश्रांती आणि दोन दिवसांच्या कामामध्ये सलग नऊ तासांचा खंड बंधनकारक केला. (लांब पल्ल्यासाठी सवलतही ठेवली, हे खरे.) हा कायदा आता 2020 मध्ये संमत झालेल्या कामगार संहितेत सामावला गेला आहे. मात्र 1961 च्या चौकटीचा अंमल मुळात पाच किंवा अधिक कामगार असलेल्या व्यवसायांपुरता होता. एक-दोन गाड्यांचे लहान मालक, ज्यांच्याकडे मालकच अनेकदा चालक असतो, त्यातून निसटत राहिले. मोठ्या मालकाच्या नोंदवहीतही तास कागदावर बसतात, कारण जेवणाच्या थांब्याला विश्रांती म्हणता येते आणि दुसरा चालक केबिनमागच्या फळीवर, हादरे खात, जेमतेम पडलेला असला तरी तो ‘झोपला’ असे धरता येते. युरोपीय संघात साडेचार तास गाडी चालवल्यावर 45 मिनिटांचा थांबा सक्तीचा आहे आणि तो वाहनातील नोंदयंत्रावरून तपासला जातो. तिथला चालक अधिक शिस्तप्रिय आहे म्हणून नव्हे, तर यंत्र खोटे बोलत नाही म्हणून तो थांबतो.

वेगाचे कॅमेरे ही चांगली गोष्ट आहे, परंतु वेग हा थकव्याचा फक्त शेवटचा हप्ता वसूल करतो. खरी तपासणी गाडी सुटण्यापूर्वी, चालक आदल्या रात्री किती तास आणि कुठे झोपला याची व्हायला हवी आणि तिची जबाबदारी वेळापत्रक ठरवणाऱ्या मालकावर असायला हवी. तोवर रात्रीच्या गाडीचे तिकीट काढणाऱ्या प्रवाशाने आसन क्रमांकाबरोबर एवढे तरी विचारावे की, गाडीवर चालक किती आहेत आणि आज दुपारी ते झोपले होते काय; समाधानकारक उत्तर मिळाले नाही, तर दिवसाची गाडी धरावी.