विश्लेषण : मैत्री तुटली, पण गाव एकच… अशा वेळी सावरायचे कसे?

सोयरीक मोडली तर चार माणसे बसून तोडगा काढतात. जिवाभावाचा दोस्त दुरावला तर मात्र कोणी विचारतही नाही. हे दुःख खरे असते का? गावात रोज समोर येणाऱ्या जुन्या मित्राशी वागायचे कसे?

गावात मैत्री तुटणे वेगळे का?

अकोला जिल्ह्याच्या तेल्हारा तालुक्यातील हिवरखेड हे सातपुड्याच्या पायथ्याशी वसलेले गाव. अशा गावात मैत्री संपली तरी त्या माणसापासून लांब जाता येत नाही. सकाळी बसथांब्यावर, दुपारी कृषी केंद्रात, संध्याकाळी पानठेल्यावर, आठवडी बाजारात तोच चेहरा समोर येतो. शहरातला माणूस नंबर ब्लॉक करून मोकळा होतो. इथे नंबर ब्लॉक करता येतो, दोघांच्या शेतामधला धुरा ब्लॉक करता येत नाही.

शिवाय दोघांची बोलचाल बंद झाली की घरच्यांचीही होते. बायका हळदीकुंकवाला जाणे टाळतात, पोरांना एकत्र खेळू देत नाहीत. दोघांचे भांडण पाहता पाहता दोन घरांचे होते.

मैत्री तुटते कशामुळे?

काही वेळा कारण उघड असते. उसने दिलेले पैसे परत येत नाहीत, भागीदारीतल्या ट्रॅक्टरचा हिशेब जुळत नाही, निवडणुकीत दोघे दोन पॅनेलमध्ये जातात किंवा लग्नाचे आमंत्रण द्यायचे राहून जाते. अनेकदा मात्र भांडणच होत नाही. एक जण नोकरीसाठी पुण्याला जातो, दुसरा शेती पाहतो. फोन कमी होत जातात आणि मैत्री विरून जाते.

असे होणे जगावेगळे नाही. नेदरलँड्समधील उट्रेख्त विद्यापीठाचे समाजशास्त्रज्ञ गेराल्ड मोलेनहोर्स्ट यांनी सात वर्षांच्या अंतराने त्याच लोकांना त्यांच्या जवळच्या माणसांविषयी विचारले. सात वर्षांनंतर त्यांच्या वर्तुळातील जुनी माणसे जेमतेम निम्मी उरली होती. म्हणजे मित्र दुरावला, याचा अर्थ आपल्यातच खोट आहे, असा नव्हे.

मग एवढे का दुखते?

२००३ मध्ये अमेरिकेतील संशोधक नाओमी आयझेनबर्गर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी एक साधा प्रयोग केला. संगणकावरील चेंडूच्या खेळात एका खेळाडूकडे चेंडू टाकणे मुद्दाम बंद केले गेले. तेव्हा त्याच्या मेंदूचा जो भाग जास्त सक्रिय झाला, तो शारीरिक वेदनेशीही जोडलेला आहे. एका खेळातून वगळल्यावर हे होते, तर वीस वर्षांच्या मित्राने रस्त्यात तोंड फिरवल्यावर जिवाला लागणारच.

दुसरे कारण समाजाचे आहे. अभ्यासक केनेथ डोका यांनी १९८९ मध्ये ज्या दुःखाला समाज दुःख मानत नाही, त्याविषयी मांडणी केली. मैत्रीचे दुःख त्यातलेच. त्याला दहावे-तेरावे नाही, भेटायला येणारे पाहुणे नाहीत. ‘सोड ना बे, दुसरे दोस्त भेटतील,’ एवढ्यावर विषय संपतो. मग माणूस ते मनात ठेवतो आणि ते रागाच्या रूपाने बाहेर पडते.

टिळक-आगरकरांचे काय झाले?

महाराष्ट्राच्या इतिहासातील सर्वांत गाजलेली मैत्री अशीच तुटली आणि तिचा एक धागा अकोल्याशी जोडलेला आहे. गोपाळ गणेश आगरकरांचे शिक्षण काही काळ अकोल्यात झाले. १८७५ मध्ये मॅट्रिक होऊन ते पुण्याच्या डेक्कन कॉलेजात गेले. तिथे बाळ गंगाधर टिळकांशी त्यांची मैत्री जमली.

१८८० मध्ये विष्णुशास्त्री चिपळूणकरांनी सुरू केलेल्या न्यू इंग्लिश स्कूलच्या कामात दोघे होते. १८८१ मध्ये ‘केसरी’ निघाला, आगरकर त्याचे पहिले संपादक झाले. कोल्हापूर प्रकरणातील बदनामीच्या खटल्यात १८८२ मध्ये दोघांनी डोंगरीच्या तुरुंगात १०१ दिवस एकत्र काढले.

तुरुंगात टिकलेली मैत्री मतभेदांत मात्र टिकली नाही. आधी राजकीय स्वातंत्र्य की आधी समाजसुधारणा, हा मोठा वाद होता. डेक्कन एज्युकेशन सोसायटीच्या कारभारावरूनही खटके उडत होते. १८८७ मध्ये आगरकरांनी ‘केसरी’ सोडला, पुढच्या वर्षी ‘सुधारक’ काढला. १८९० मध्ये टिळक सोसायटीतून बाहेर पडले. दोघांची शहरे वेगळी झाली नव्हती. दोघेही पुण्यातच होते, आणि दोन पत्रांतून एकमेकांवर कठोर लिहिले जात होते. १७ जून १८९५ रोजी आगरकर गेले. वय चाळिशीच्या आतच. त्यांच्यावर मृत्युलेख लिहिला तो टिळकांनी, ‘केसरी’तच. जुन्या मित्राविषयी मनात जे होते ते कागदावर आले, पण वाचायला मित्र नव्हता.

या कहाणीतून ‘वाद घालूच नये’ असा धडा निघत नाही. दोघांचे मुद्दे महत्त्वाचे होते आणि दोघांनी ते सोडले नाहीत. पण मुद्द्यावरचे भांडण माणसावर गेले की परतीची वाट अरुंद होते, एवढे त्यातून नक्की दिसते.

सावरण्यासाठी काय करता येईल?

• दुःख मान्य करा. ‘मला काही फरक पडत नाही,’ असे चारचौघांत म्हणण्यापेक्षा घरातल्या एका विश्वासू माणसाला खरे सांगा.

• लिहून काढा. मानसशास्त्रज्ञ जेम्स पेनेबेकर यांनी १९८०च्या दशकात सुरुवात केलेली पद्धत सोपी आहे : सलग तीन-चार दिवस रोज पंधरा मिनिटे मनातले लिहायचे. पत्र लिहिले तरी चालेल, पाठवायचे नाही.

• व्हॉट्सॲप स्टेटसवर टोमणे नकोत. नाव नसले तरी रोख कोणावर आहे, हे सगळ्या गावाला कळते. स्क्रीनशॉट फिरला की शब्द मागे घेता येत नाही.

• गुपिते गुपितच ठेवा. मैत्रीत कळलेली गोष्ट भांडणात वापरणारा माणूस उरलेल्या मित्रांचाही विश्वास गमावतो.

• हिशेब वेगळा ठेवा. पैशाचा किंवा धुऱ्याचा प्रश्न असेल तर तिसऱ्या माणसासमोर, कागदावर मिटवा.

• घरच्यांना बाजू घ्यायला लावू नका. पोरांची मैत्री पोरांची असते.

• नव्या मैत्रीला वेळ द्या. अमेरिकी अभ्यासक जेफ्री हॉल यांच्या २०१८ मधील संशोधनानुसार, जवळची मैत्री जमायला दोनशेहून अधिक तास सोबत घालवावे लागतात. त्यामुळे महिनाभरात जुन्याची जागा भरली नाही, तर निराश होऊ नका.

पुन्हा जुळवावे का?

फसवणूक, मारहाण किंवा सततचा अपमान झाला असेल तर अंतर ठेवणेच योग्य. गैरसमज किंवा अबोला असेल तर एकदा प्रयत्न करायला हरकत नाही. आपल्याकडे त्यासाठी सणांनी सोय करून ठेवली आहे. दसऱ्याला सोने द्यायला जाताना कारण सांगावे लागत नाही, संक्रांतीला तिळगूळ देतानाही नाही. समोरच्याने दार उघडले तर ठीक. नाही उघडले तर त्याची मर्जी समजून परत फिरावे. माफी मागायची असेल तर ‘पण’ न लावता मागावी.

मदत कधी घ्यावी?

दोन आठवड्यांहून अधिक काळ झोप किंवा जेवण बिघडले असेल, कामात लक्ष लागत नसेल, तर डॉक्टरांना सांगा. ‘जगून काय फायदा’ असे विचार येत असतील तर दोन आठवडे थांबू नका, त्याच दिवशी जवळच्या माणसाला सांगा. केंद्र सरकारची ‘टेलिमानस’ हेल्पलाइन १४४१६ या क्रमांकावर २४ तास मोफत आहे. तिथे मराठीतही बोलता येते.

मैत्री पूर्वीसारखी होईलच असे नाही, आणि व्हायलाच हवी असेही नाही. पण पानठेल्यावर समोरासमोर आल्यावर ‘राम राम’ म्हणण्याइतकी जागा ठेवता येते. एकाच गावात राहायचे तर तेवढ्यानेही रोजचे ओझे हलके होते.