पुष्पमाला एन. : स्त्रीप्रतिमांची फेरतपासणी

बडोद्यास शिल्पकलेचे शिक्षण घेतलेल्या बंगळूरच्या पुष्पमाला एन. (जन्म १९५६) यांनी १९९० नंतरच्या दशकात शिल्पाच्या माध्यमापलीकडे जाऊन स्वतःच्याच देहाला कलेचे साधन केले, आणि वेशभूषा, अभिनय, छायाचित्र व चलच्चित्र यांच्या आधारे भारतीय स्त्रीच्या रूढ प्रतिमा घडतात कशा, याचा शोध आरंभिला. मुंबईत चित्रित झालेल्या ‘फँटम लेडी ऑर किस्मत’ (१९९६-९८) या कृष्णधवल छायाचित्रमालेत त्यांनी जुन्या हिंदी साहसपटांतील नायिका ‘फिअरलेस नादिया’ची आठवण देणारी मुखवटाधारी साहसी नायिका साकारली.

छायाचित्रकार क्लेअर आर्नी यांच्या सहयोगाने सिद्ध झालेल्या ‘नेटिव्ह विमेन ऑफ साउथ इंडिया’ (२०००-०४) या मालिकेत तर चित्रकार रविवर्म्याची लक्ष्मी, चित्रपटातील नायिका, पोलिसांनी पकडलेल्या संशयित स्त्रिया आणि वसाहतकालीन मानवमापनाच्या पद्धतीने चौकटींच्या पडद्यापुढे मोजमापासाठी उभी केलेली आदिवासी स्त्री, अशा नाना भूमिका त्या स्वतःच वठवितात. त्यामुळे देवघरातील तसबीर आणि वसाहतकालीन सरकारी दप्तरातील नोंद या दोहोंमागे पाहणाऱ्याची सत्ता सारखीच उभी असते, हे प्रेक्षकाच्या ध्यानी येते. ‘राष्ट्रीय खीर अँड देसीय सॅलड’ (२००४) या चित्रफितीत, जुन्या पाककृतींच्या वह्यांतील मजकुराच्या आधारे, स्वातंत्र्योत्तर मध्यमवर्गीय कुटुंबातील राष्ट्रभावना व गृहिणीधर्म यांचे नाते त्या उलगडतात.

स्त्रीत्व हे निसर्गाने दिलेले अचल रूप नसून समाजाने रचलेली भूमिका आहे, हे तत्त्व इतक्या प्रत्यक्षपणे दाखविणारी ही कला म्हणूनच प्रत्येक सुजाण वाचकाने आवर्जून पाहावी.