हसलेला अनारसा

धोंड्याचा महिना जवळ आला की बायकाबायकांत एकच प्रश्न सुरू होतो, “जावयाच्या वाणाचं काय केलंत?” आणि हल्ली उत्तरही ठरलेलं असतं, “विकतचे अनारसे सांगून ठेवलेत बाई!” मी नावं ठेवत नाही हं. नोकरी, मुलं, आला-गेला सांभाळून तीन दिवस तांदळाचं पाणी बदलत बसायला वेळ आहे कुणाला? मीही २०२३ साली लेकीच्या पहिल्या अधिकाला विकतचेच सांगणार होते. का सांगितले नाहीत, तेच आज तुम्हाला सांगायचं आहे.

त्याआधी थोडं पंचांगाचं. आपलं चांद्रवर्ष ३५४ दिवसांचं आणि सूर्याचं ३६५ दिवसांचं. म्हणजे दर वर्षी अकराएक दिवसांची तूट. घरखर्चातली तूट आपण जशी कधीतरी एकदम भरून काढतो ना, तसं पंचांगही ३२-३३ महिन्यांनी एक जादा महिना घालून ती भरून काढतं. एकोणीस वर्षांत असे सात महिने येतात, आणि गंमत अशी की बहुतेक वेळा एकोणीस वर्षांनी तोच महिना पुन्हा अधिक होतो. अधिक श्रावण १९८५ साली होता, २००४ साली होता आणि २०२३ सालीही होता. मला हे आकडे पाठ आहेत ते ज्योतिष येतं म्हणून नव्हे, आईच्या अनारशांमुळे.

माझं लग्न १९८४ चं. दुसऱ्याच वर्षी पहिला अधिक, तोही श्रावण. आमचं माहेर वाईचं, तेव्हा पाऊस कसा असेल ते सांगायला नको. तांदूळ तीन दिवस भिजून उपसला खरा, पण पंचावर पसरला तर वाळायचं नाव नाही. वाळवायचा तोही बेताचाच, हाताला दमट लागेल इतका. गिरणीवाल्यानं ओला तांदूळ घ्यायला साफ नकार दिला. जातं चिकटतं म्हणे. मग आई आणि काकू खलबत्ता घेऊन बसल्या आणि वस्त्रगाळ पीठ केलं. तांब्याच्या तबकात तेहतीस अनारसे, वर तुपाचा दिवा. आमचे हे इतके संकोचले की मान वर करेनात. एकांतात मात्र सात खाल्ले!

२००४ साली आईनं पुन्हा वाण दिलं. तेव्हा माझी लेक आठ वर्षांची. तिनं डब्यातले दोन पळवले आणि आयत्या वेळी मोजले तर एकतीस. मी तिला रागवायला उठले, तर आईनं फडताळातून दुसरा डबा काढला. “मोजून तेहतीस कधी करू नयेत. घरात पोरं असतात.”

आता ती त्र्याऐंशी वर्षांची होऊन आमच्याकडे आली होती. विसरायला लागली होती. नातीला कधी माझ्या नावानं, कधी आपल्या बहिणीच्या नावानं हाक मारायची. जेवण झालं हे विसरायची. डॉक्टर म्हणाले, वयाचा आजार आहे, जपून घ्या. जपायचं काय हो, जे हातातून निसटतंय ते?

अनारसे घरी करायचं ठरवलं ते तिच्यासाठीच. जुना जाडा तांदूळ घेतला, रोज पाणी बदललं. तीन दिवसांत तांदूळ किंचित आंबतो. तो वास हवाच, त्याला भिऊ नका. जाळी त्याच्याच जिवावर पडते. पंख्याखाली वाळवला, मिक्सरवर दळला, मैद्याच्या चाळणीनं चाळला. पिठाइतकाच बारीक चिरलेला साधा गूळ (चिक्कीचा मात्र नको) आणि चमचाभर तूप घालून गोळा डब्यात दाबून पाच दिवस ठेवला. सगळं वहीतल्याप्रमाणे. आणि पहिला अनारसा तुपात सोडला, तर तो हसला! सगळ्या कढईभर विरघळून पसरला. दुसराही तसाच. लेक म्हणाली, “जाऊ दे ना आई, मागवू या.”

दाराशी खुर्चीत बसलेल्या आईनं हात पुढे केला. मी पिठाची गोळी तिच्या हातावर ठेवली. तिनं ती अंगठ्यानं दाबली, बोटांत फिरवली, जिभेला लावली. “गूळ पुढे गेलाय. मूठभर कोरडं पीठ घाल. आणि जाळ कमी कर, घाई कसली?” मग लगेच, “पाऊस थांबला का गं? गिरणीवाला घेईल का?”

मी पीठ मळलं. उलट तक्रार असती, म्हणजे गोळा कोरडा होऊन अनारसा कडक झाला असता, तर पिकलं केळं चिमूटभर घालायचं, हेही तिनंच सांगितलं. खसखशीवर थापला, खसखशीची बाजू वर ठेवून मंद आचेवर सोडला. उलटायचा नाही, झाऱ्यानं वरून तूप उडवत राहायचं. बघता बघता जाळी सुटली. काढून चाळणीत उभा ठेवला, तूप निथळायला. लेक ते सारं मोबाईलवर टिपत होती. मी म्हटलं, ते राहू दे, आधी आजीसारखी गोळी दाबून बघ. तिनं डोळे मिटून दाबली. पाचव्या घाण्याला तिचा अनारसा आला.

हल्ली वाणाबरोबर चांदीचं तबक, जावयाला अंगठी, असं काय काय चाललेलं ऐकते. ऐपत नसलेल्या आईबापांना हा महिना नकोसा होतो, ते मला पटत नाही. परंपरेत जाळीदार पदार्थ सांगितला आहे, तो बत्तासाही चालतो.

पहिला चांगला अनारसा आईच्या हातावर ठेवला. तिनं तो खाल्ला नाही. “जावई आले का?” मी क्षणभर थांबले. लेकीचा नवरा संध्याकाळी यायचा होता. “आलेत ना, बाहेर बसलेत,” मी म्हटलं आणि आमच्या ह्यांना हाक मारली. हे पेपर ठेवून, चष्मा कपाळावर सारून आत आले. आईनं डोक्यावरचा पदर नीट केला आणि अनारसा त्यांच्या हातावर ठेवला. आणि हे, अडुसष्ट वर्षांचा माणूस, अगदी तसेच मान खाली घालून उभे राहिले.

संध्याकाळी तबक भरताना मोजले तर अडतीस होते.